हप्ता तोच, मुदत मात्र वाढलेली

गृहकर्जाबद्दल एकाने दिलेला 'दरवर्षी एक जादा हप्ता भरा' हा सल्ला पटला, पण त्याचंच 'व्याजदर वाढले तरी माझा हप्ता तेवढाच आहे, म्हणजे फटका बसला नाही' हे मुळीच पटलं नाही. फ्लोटिंग, म्हणजे वेळोवेळी बदलणाऱ्या दरात बँक बहुतेक वेळा हप्ता तसाच ठेवून मुदत लांबवते. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 मध्ये रेपो दर (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते तो) 4 वरून 6.5 टक्क्यांवर गेला. 30 लाख, 6.75 टक्के, 20 वर्षे असा हिशेब धरला तर हप्ता साधारण 22,800. तेवढीच अडीच टक्क्यांची वाढ होऊन दर 9.25 झाला की 30 लाखांचं महिन्याचं व्याजच 23,125! नागपूरच्या बेसा भागात फ्लॅट घेतलेल्या आमच्या ऑफिसातल्या एकाच्या स्टेटमेंटवर मुद्दलाच्या रकान्यात तेव्हा जेमतेम काहीशे रुपये दिसत होते, आणि हप्ते तर निवृत्तीच्या पुढे गेलेले.

रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट 2023 च्या परिपत्रकानुसार दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे ठरवायचा हक्क कर्जदाराला आहे. शाखेत जाऊन लेखी अर्ज द्या, जमत असेल तर हप्ताच वाढवून घ्या. आणि स्टेटमेंटवर 'उरलेली मुदत' आधी बघत जा.