मदत हवी आहे: शाळेत आधी सांगायचं की थेट पोलिसांत?

ताईच्या मुलाने काल मला एक गोष्ट सांगितली. काय ते इथे लिहीत नाही, समजून घ्या. ताई नुसती रडतेय. भावोजी म्हणतात गप्प बसा, चारचौघांत नाव जाईल. शाळेत तक्रार करू की पोलिसांत? आधी वकील गाठावा लागतो का? लवकर सांगा, 'धीर धरा' वगैरे नको.

वैदेही_क: मुलगा केवढा आहे? कोणी केलं, शाळेतलंच कुणी का? मुलगा अजून त्याच्याकडे जातोय?

नानाकाका: कॅमेरे! प्रत्येक क्लासात कॅमेरे सक्तीचे करा. आमच्या सोसायटीत ओरडून घसा सुकला, पण ऐकतंय कोण.

मावशी: नऊ वर्षांचा. ट्यूशनचे सर. ते त्याच्या शाळेतही शिकवतात, म्हणून शाळेचं विचारलं. ट्यूशन कालपासून बंद.

बाळ्या: मुलगा आहे ना? मग पॉक्सो, म्हणजे लहानांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धचा कायदा, लागत नाही, तो मुलींसाठी आहे.

मृणाल_वकील: साफ चूक. २०१२चा पॉक्सो अठराच्या आतल्या सगळ्यांना लागू आहे, मुलगा असो वा मुलगी. मावशी, शाळेच्या चौकशीसाठी थांबू नका, तक्रारीला वकीलही लागत नाही. कलम १९ प्रमाणे ज्याला कळलं त्याने पोलिसांना कळवायचंच. न कळवल्यास कलम २१ खाली सहा महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते, हे भावोजींना वाचून दाखवा. जबाब घरी घेता येतो, पोलिसांनी गणवेशात यायचं नसतं.

नानाकाका: कायदा कागदावर. केस रखडते, पोराचं बालपण कोर्टात जातं. त्यापेक्षा चार जाणत्यांनी सरांना बोलावून दम द्यावा.

मृणाल_वकील: म्हणजे तो गाव बदलून दुसरा क्लास उघडणार. खटला शक्यतो वर्षात संपवावा असं कलम ३५ सांगतं. बरेचदा संपत नाही, हे मान्य. म्हणून तक्रारच करायची नाही?

रेणू_समुपदेशक: तुमचं चालू द्या. मावशी, शेवटचं कधी घडलं? तीन दिवसांच्या आतलं असेल तर आत्ता सरकारी रुग्णालयात जा, काही औषधं ७२ तासांतच सुरू करावी लागतात. एफआयआर नाही म्हणून तपासणी अडवता येत नाही. मुलाला पुन्हा पुन्हा विचारू नका, मोबाइलवर त्याचं बोलणं चित्रित करू नका. तो जे बोलला ते त्याच्याच शब्दांत लिहून ठेवा. 'आधी का नाही सांगितलंस' हे तर नकोच.

बाळ्या: राज्य सरकारच्या मनोधैर्य योजनेत पैसेही मिळतात. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करायचा.

मावशी: पैशांचं कुणी विचारलं? घडून पंधरा दिवस होऊन गेले. भावोजी येणार नाहीत, मी एकटीने तक्रार दिली तर चालेल?

मृणाल_वकील: कुणीही देऊ शकतं. १०९८ या मुलांसाठीच्या हेल्पलाइनवरही फोन करा. बाल कल्याण समितीकडे मुलासाठी सहाय्यक व्यक्ती मागा. तपासात आणि कोर्टात ती सोबत असते. इथे शाळेचं, गावाचं नाव टाकू नका.

रेणू_समुपदेशक: पंधरा दिवस झाले तरी डॉक्टरांना दाखवाच.

मावशी: १०९८ लागला. सकाळी ठाण्यात जातेय. ताई येते म्हणाली.

शुभांगी_पुणे: कोथरूडमध्ये लहान मुलांसाठी सुरक्षित स्पर्शाचं सत्र कोण घेतं?

वैदेही_क: वेगळा धागा काढा हो.