वडिलांच्या जागी एकदम उभे राहावे लागले, तर सुरुवात कुठून करावी?

प्रश्न : चाकणकर_२४

माझे वय २४ आहे. यांत्रिकीची पदविका घेऊन दोन वर्षांपूर्वी चाकणच्या एका कारखान्यात कंत्राटी नोकरीला लागलो. पगार बावीस हजार, भोसरीत तिघांत मिळून एक खोली. गाव सांगली जिल्ह्यात, खानापूर तालुक्यात. सप्टेंबरमध्ये वडील हृदयविकाराच्या झटक्याने गेले, तेव्हा ते ५२ वर्षांचे होते. घरी आई, आजी (वडिलांची आई) आणि बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला असलेली वीस वर्षांची बहीण आहे.

तेराव्याला मामांनी माझ्या डोक्याला पागोटे बांधले आणि जमलेल्या प्रत्येकाने पाठीवर हात ठेवून एकच वाक्य उच्चारले, "आता तूच घरातला कर्ता." त्या दिवसापर्यंत घरात मला भाजी आणायलासुद्धा मोजून पैसे दिले जात होते. आता गावच्या विकास सोसायटीचे (शेतीकर्ज देणाऱ्या सहकारी संस्थेचे) सचिव, ट्रॅक्टरवाला, खतांचे दुकानदार असे सगळे मलाच फोन करतात आणि मी उत्तर न देता "बघतो" म्हणतो. वडिलांच्या ट्रंकेत प्लॅस्टिकच्या पिशवीत भरलेल्या पावत्या सापडल्या, त्यांतल्या निम्म्या कशाच्या आहेत ते मला कळत नाही. पासबुकात मे महिन्यात ४३६ रुपये कापल्याची नोंद आहे, ती कशाची तेही ठाऊक नाही. सोसायटीचे १ लाख ८० हजारांचे पीककर्ज आहे. आडसाली (सुमारे दीड वर्षाचा) ऊस तुटायला आला आहे, पण साखर कारखान्याकडची नोंद वडिलांच्या नावावर आहे. एका नातेवाइकाने सुचवले की वडिलांचे एटीएम कार्ड आहेच, तर गुपचूप पैसे काढून घ्यावेत.

थोरल्या चुलत्यांची दोन म्हणणी आहेत. नोकरी सोडून गावी यावे, हे पहिले. वडील गेल्यापासून वर्षाच्या आत बहिणीचे लग्न उरकावे, नाहीतर तीन वर्षे थांबावे लागेल, आणि लग्नाआधी जमिनीच्या हक्कसोडपत्रावर तिची सही घ्यावी, हे दुसरे. बहिणीला एम.एस्सी. करायचे आहे. ती मला काही बोलत नाही, नुसती बघते.

मी अजून एकदाही नीट रडलेलो नाही. कोणासमोर रडावे तेच कळत नाही, कारण घरातले सगळे माझ्यासमोर रडतात. मला दोनच गोष्टी विचारायच्या आहेत : आधी काय करावे, आणि सगळे समजते असा चेहरा किती दिवस धरून ठेवावा?

उत्तर : जुना_खातेवहीवाला

एका सहकारी बँकेत एकतीस वर्षे नोकरी करून निवृत्त झालो आहे. वयाने तुझ्या वडिलांपेक्षा मोठा असेन, म्हणून अरे-तुरे करतो, राग मानू नकोस.

आधी एटीएमचे बोलतो. ते कार्ड आजच बाजूला ठेव. खातेदार गेल्यानंतर कार्ड वापरून पैसे काढणे हा गैरव्यवहार ठरतो, आणि पुढे घरात वाद झालाच तर पहिले बोट तुझ्याकडेच वळेल. सरळ मार्ग त्याहून फार लांबचा नसतो. खात्याला वारसनामांकन (नॉमिनी) असेल तर मृत्युदाखला आणि ओळखपत्र देऊन अर्ज करायचा. कागद पूर्ण मिळाल्यापासून पंधरा दिवसांत बँकेने दावा निकाली काढावा, असा रिझर्व्ह बँकेचा दंडक आहे. मात्र ज्याचे नामांकन आहे, त्याच्या हाती पैसे येतात ते सर्व वारसांच्या वतीने. तो एकटा मालक होत नाही. हा भेद न समजल्यामुळे सख्खी भावंडे एकमेकांशी बोलायची बंद झालेली मी काउंटरच्या आतून पाहिली आहेत.

आता ते ४३६ रुपये. तो बहुधा प्रधानमंत्री जीवनज्योती विमा योजनेचा वार्षिक हप्ता असावा. या योजनेत १ जून ते ३१ मे या काळात कोणत्याही कारणाने मृत्यू आला, तर दोन लाख रुपये मिळतात. पन्नाशीच्या आत नाव नोंदवलेले असेल, तर पंचावन्नपर्यंत संरक्षण चालू राहते. वडिलांचे वय आणि महिना दोन्ही त्यात बसतात. शाखेत जाऊन दाव्याचा अर्ज माग आणि उशीर करू नकोस. पासबुकातली ही एक ओळ कोणी वाचत नाही, म्हणून कित्येक घरांचे हे पैसे तसेच राहून जातात. ओळीच्या शेजारी २० रुपयांचीही कपात दिसली, तर तो अपघात विमा आहे, त्याचा इथे उपयोग नाही.

जमिनीबाबत तलाठ्याकडे वारस नोंदीचा अर्ज तीन महिन्यांच्या आत द्यायचा असतो. 'ई-हक्क' प्रणालीवरून तो घरबसल्याही करता येतो. वारसांत आई, तू आणि बहीण तर येतातच, पण वडिलांची आई हयात आहे, म्हणून तिचेही नाव येते. आजीचे नाव लोक हटकून विसरतात आणि मग फेरफार (दप्तरातला नावांचा बदल) अडतो. या नोंदीने वाटणी होत नाही, केवळ दप्तरी नावे लागतात, हे चुलत्यांनाही शांतपणे सांग.

कर्जाची धास्ती घेऊ नकोस. वडिलांच्या कर्जाची जबाबदारी वारसांवर येते ती वारशात मिळालेल्या मालमत्तेपुरतीच, तुझ्या चाकणच्या पगारावर ती येत नाही. शिवाय आपल्या भागात सोसायटीची वसुली बहुधा ऊसबिलातूनच कापली जाते. तेव्हा खरी घाई आहे ती साखर कारखान्याच्या शेती गट कार्यालयात जाऊन उसाची नोंद आणि बिलाचे खाते आईच्या नावावर करून घेण्याची, कारण बिल एकदा बंद खात्याकडे गेले की ते मागे फिरवताना नाकी नऊ येतात. मार्चमध्ये सचिव कर्जाचे नवे-जुने (जुने फेडून लगेच नवे काढणे) करून घे म्हणून आग्रह धरतील. वारस नोंद होईपर्यंत कशावरही सही करू नकोस.

उत्तर : मधली_बहीण

वरील उत्तरातला प्रत्येक कागद महत्त्वाचा आहे, पण तुमच्या प्रश्नात मला जी गोष्ट खटकली ती कागदांत नाही. तुम्ही सोसायटीचे सचिव, ट्रॅक्टरवाला, चुलते, मामा या सर्वांचे म्हणणे लिहिलेत. आईचे म्हणणे काय आहे, हे एका ओळीतही नाही.

मी तुमच्या बहिणीच्या जागी होते. माझे वडील गेले तेव्हा दादा तेवीस वर्षांचा होता आणि त्यालाही असेच पागोटे बांधले गेले. त्यानंतर दोन वर्षे तो घरात एखाद्या साहेबासारखा वागला. वाईट हेतूने नव्हे, घाबरून. आम्हाला काही विचारले तर आपल्याला येत नाही हे उघडे पडेल, असे त्याला वाटत असे. आईने वीस वर्षे डेअरीचे दुधाचे हिशेब ठेवले होते, बचत गटाचे अध्यक्षपद सांभाळले होते, कोणाकडून किती उसने घेतले ते तिला तोंडपाठ होते. दादाने तिला काहीच विचारले नाही आणि एका व्यापाऱ्याला वडिलांनी फेडलेलेच पैसे पुन्हा देऊन बसला. त्या दिवशी आई प्रथमच त्याला रागावली आणि त्याच दिवशी तो तिच्यासमोर रडला. आमच्या घराची घडी त्यानंतर हळूहळू बसली.

बहिणीच्या सहीबद्दल स्पष्टच लिहिते. हिंदू वारसा कायद्याप्रमाणे वडिलांच्या मागे मुलीला मुलाइतकाच हिस्सा मिळतो, आणि वडिलोपार्जित मिळकतीतही २००५ च्या दुरुस्तीने तिला जन्मतः हक्क दिला आहे. वडील त्या तारखेला हयात असण्याची अट नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२० मध्ये ठरवून टाकले. तिला हक्क सोडायचाच असेल तर ती स्वतःच्या समजुतीने, सवडीने, नोंदणी कार्यालयात जाऊन सोडू शकते. पण बाप जाऊन तीन महिने झालेले असताना लग्नाच्या घाईत घेतलेली सही तिच्या आठवणीत कशी राहील, याचा विचार तुम्ही करावा. वर्षाच्या आत किंवा तीन वर्षांनी हा प्रघात आहे, कायदा नाही. माझे लग्न वडील गेल्यावर दुसऱ्या वर्षी झाले आणि आभाळ कोसळले नाही. ती नुसती बघते असे तुम्ही लिहिलेत. ती तुम्ही काही विचाराल म्हणून थांबलेली आहे.

उत्तर : परतलेला_शेतकरी

नोकरी सोडण्याच्या मुद्द्यापुरतेच लिहितो. मी अशाच प्रसंगी नोकरी सोडून आलो, त्याला सहा वर्षे झाली. पस्तावलेलो नाही, पण पहिल्या वर्षात माझे फार नुकसान झाले, कारण निर्णय शोकाच्या भरात आणि लोकांच्या तोंडाकडे बघून घेतला होता. ऊस उभा आहे तोवर रानात रोज तुमची गरज नाही. पाणी देण्यापुरता माणूस लावता येतो, खोडव्याचे (तोडणीनंतर पुन्हा फुटणाऱ्या उसाचे) पुढे बघता येईल. एक पूर्ण हंगाम जाऊ द्या, रानातून किती पैसे राहतात ते वहीत मांडा आणि मग ठरवा. आणि जुना_खातेवहीवाला यांच्याशी एका बाबतीत माझे मत जुळत नाही : कायद्याने कर्ज वारशापुरतेच असेल, पण खतांच्या दुकानदाराची उधारी गावात राहायचे असेल तर फेडावीच लागते. फक्त त्याची वही मागून घ्या, तोंडी आकडा मान्य करू नका.

प्रश्नकर्त्याचे उत्तर : चाकणकर_२४

शनिवारी गावी जाऊन आलो. ट्रंकेतली पिशवी चुलीपुढे आईसमोर उपडी केली आणि मला यातले काही कळत नाही, असे सांगितले. ती थोडा वेळ काही बोलली नाही. मग चष्मा लावून तिने पावत्यांचे ढीग केले : हा ठिबकचा, हा ट्रॅक्टरचा, हा आजीच्या दवाखान्याचा. खतांच्या दुकानाची निम्मी उधारी तिने स्वतः दुधाच्या पैशांतून जुलैमध्ये भागवली होती आणि त्याची चिठ्ठी देव्हाऱ्यात हळदीकुंकवाच्या डब्याखाली ठेवलेली होती. दुकानदाराने मला सांगितलेल्या आकड्यात ती वजा नव्हती.

४३६ चा अर्ज बँकेने घेतला आहे. वारस नोंदीचा अर्ज बहिणीने तिच्या मोबाइलवरून भरला, आजीच्या नावासकट. एम.एस्सी.चे मी विचारले, तेव्हा कोल्हापूरच्या वसतिगृहाचे दर तिने आधीच काढून ठेवल्याचे समजले. चुलत्यांशी अजून बोललेलो नाही. ते बोलणे आई करणार आहे, मी शेजारी बसणार आहे. नोकरी तूर्त सोडत नाही.

एक गोष्ट राहिली. बँकेचे संदेश वडिलांच्या नंबरवर येतात, म्हणून तो चालू ठेवणे भागच होते. पण आई तो फोन रोज रात्री चार्जिंगला लावून त्यांच्या उशाच्या जागी ठेवते, हे मला शनिवारीच दिसले. रविवारी निघताना एसटीत बसल्यावर त्या नंबरचे रिचार्ज केले, ८४ दिवसांचे. विटा स्टँडपासून कराडपर्यंत मी खिडकीकडे तोंड करून बसलो होतो. शेजारच्या आजोबांनी काही विचारले नाही, फक्त पाण्याची बाटली पुढे केली.