मदत हवी आहे : सहकारी बँकेतल्या कर्जवाटपाची तक्रार नेमकी कुठे करायची?

नमस्कार मंडळी. आमच्या तालुक्यातल्या एका नागरी सहकारी बँकेवर रिझर्व्ह बँकेने बँकिंग नियमन कायद्याच्या कलम 35अ खाली निर्बंध घातलेत. शटरवर डकवलेली नोटीस आता अर्धी फाटलीय. बाबांच्या ठेवी सात लाखांच्या. ठेव विम्याचे 5 लाख 90 दिवसांत मिळतात म्हणून त्याचा फॉर्म भरला. वरच्या दोन लाखांचं काय, विचारलं तर क्लार्क नुसताच पंख्याकडे बघतो.

पण माझा प्रश्न कर्जांचा आहे. मी स्वतः सभासद आहे. सातबाऱ्यावरच्या बोजाच्या नोंदी पाहिल्या, तर एकाच गट नंबरवर दोन कर्जं, दोन्ही कर्जदार एका संचालकांचे नातेवाईक! पहिलं फिटलेलं नसताना दुसरं दिलं कसं?

उपनिबंधक कार्यालय म्हणतं, बँकिंग नियमन कायद्यातल्या 2020 च्या दुरुस्तीनंतर रिझर्व्ह बँकेकडे जा. तिथून पोच आली, बाकी शांतता. माझ्या समजुतीप्रमाणे सहकार कायद्याच्या कलम 83 ची चौकशी आणि 88 खाली संचालकांवर नुकसानीची जबाबदारी, हे अजूनही सहकार खात्याकडेच आहे ना? 83 साठी सभासदांच्या सह्या किती लागतात? आर्थिक गुन्हे शाखेत थेट अर्ज द्यावा, की आधी सहकार खात्याकडून चाचणी लेखापरीक्षण (हिशेबांची फेरतपासणी) मागावं? शिखर बँकेच्या (महाराष्ट्र राज्य सहकारी बँक) प्रकरणात 2019 ला उच्च न्यायालयाने आदेश दिल्यावर गुन्हा नोंदला गेला. आम्हाला तेवढं झेपणारं नाही.

कुणी यातून गेलं असेल तर सांगा. ‘वकील गाठा’ सोडून. त्यांची फी त्याच बँकेत अडकलीय.