नर्सबेननी केलं ते बरोबरच

"पोरगा घसरगुंडीवरून पडला, गुडघा खरचटला, तर शाळेतल्या नर्सबेननी नुसतं पाण्यानं धुऊन वर्गात पाठवलं, टीटीची, म्हणजे धनुर्वाताची, सुईसुद्धा नाही," ही तुमची तक्रार वाचली. मला त्यात काही वावगं दिसत नाही. वाहत्या नळाखाली धुणं हाच खरचटण्यावरचा मुख्य इलाज. माती-खडी निघाली की अर्धं काम झालं. आमच्या वडोदऱ्यात, विशेषतः दांडिया बजारच्या जुन्या घरांत, अजून आधी हळदीचा डबा उघडतो. हळद वरणात छान, उघड्या जखमेत नको.

टीटीचं म्हणाल तर सरकारी लसीकरणात १६ ते २४ महिन्यांत आणि ५-६ वर्षांना डीपीटीचे बूस्टर असतात, पुढे १० आणि १६ व्या वर्षी टीडी; या दोन्ही लसींत धनुर्वाताचा भाग असतोच. हे वेळेवर झालेले असतील तर स्वच्छ, वरवरच्या खरचटण्याला वेगळी सुई लागत नाही. डोस राहिलेत किंवा जखम खोल आहे, तर मात्र डॉक्टरांना दाखवाच.

डोकं आपटलं होतं का, ते तुम्ही लिहिलं नाहीत. आपटलं असेल तर परत परत उलटी, गुंगी, वाढती डोकेदुखी, चालताना झोक जाणं, यातलं एक जरी दिसलं तरी सरळ हॉस्पिटल गाठा.

घरी फोन नाही, डायरीत ओळ नाही, हे मात्र मलाही खटकलं. त्याबद्दल ऑफिसात लेखी द्या, नर्सबेनशी भांडू नका. आणि खपली धरली की त्याला ती उचकटू देऊ नका, पोरांचे हात तिकडेच जातात.