बाळाच्या चपट्या डोक्याला हेल्मेट: उपचार की आईबापांच्या काळजीचा धंदा?

मृण्मयी_न्यूजर्सी (धागाकर्ती)

मुलगा पाच महिन्यांचा. डोक्याची मागची उजवी बाजू चपटी झाली आहे आणि वरून पाहिलं की उजवा कान डाव्यापेक्षा जरा पुढे आलेला दिसतो. चार महिन्यांच्या तपासणीला डॉक्टरांनी 'पोझिशनल प्लेजिओसेफली' (एकाच बाजूवर टेकून राहिल्याने डोकं चपटं होणं) असं लिहून हेल्मेटवाल्यांकडे पाठवलं. तिथे स्कॅन झाला, पडद्यावर पोराचं डोकं लाल-निळं होऊन गरागरा फिरलं, आणि "आता थांबलात तर उशीर होईल" असं ऐकवून अडीच हजार डॉलरचं कोटेशन हातात ठेवलं. विमा कंपनी पैसे देईल का, ते म्हणे मापांवर ठरेल.

माझं मत सरळ सांगते: सौम्य-मध्यम चपटेपणासाठी हेल्मेट म्हणजे घाबरलेल्या आईबापांच्या खिशात हात घालणं आहे.

बाळाला पालथं न झोपवता पाठीवर किंवा कुशीवर झोपवा असा सल्ला अमेरिकेत 1992 साली आला आणि 1994 पासून पाठीवर झोपवण्याची देशभर मोहीम झाली. झोपेत बाळं अचानक दगावण्याचं प्रमाण त्यानंतर निम्म्यावर आलं. त्याबद्दल काही वादच नाही, पाठीवरच झोपवायचं. पण त्याबरोबर चपटी डोकी वाढली आणि त्यावर एक अख्खा व्यवसाय उभा राहिला. 2014 साली नेदरलँड्समधली चाचणी बीएमजे या ब्रिटिश वैद्यकीय नियतकालिकात छापून आली. पाच-सहा महिन्यांची 84 बाळं, चिठ्ठ्या टाकाव्यात तसे दोन गट. एका गटाला सहा महिने हेल्मेट, दुसऱ्याला काहीच नाही. दोन वर्षांची झाल्यावर डोकं पूर्ण नीट झालेली मुलं हेल्मेटच्या गटात 26 टक्के, दुसऱ्यात 23. मग अडीच हजार डॉलर कशाचे?

उलट मतं जरूर मांडा. फक्त "आमच्या वेळी असलं काही नव्हतं" हे नको, ते घरी रोज ऐकते आहे.

शंतनू_पी

चाचणी तुम्ही सोयीपुरती वाचलीत असं दिसतंय. त्याच लेखात लिहिलंय की खूप तीव्र चपटेपणा असलेली बाळं घेतलीच नव्हती. मान आखडलेली आणि वेळेआधी जन्मलेली बाळंही वगळली होती. म्हणजे ज्यांना हेल्मेट लागण्याची शक्यता सगळ्यात जास्त तीच बाहेर! शिवाय विचारलेल्या आईबापांपैकी जेमतेम 21 टक्के चिठ्ठीवर सोडायला तयार झाले. आणि मुख्य म्हणजे हेल्मेट सरकतं, फिरतं अशी तक्रार 73 टक्के पालकांनी केली. नीट न बसलेल्या हेल्मेटचा गुण आला नाही यात नवल काय?

आता तुमचा 23 टक्क्यांचा आकडा जरा उलटा करून बघा. काहीही न केलेल्या गटातल्या तीन-चतुर्थांश मुलांची डोकी दोन वर्षांची झाल्यावरही पूर्ण नीट नव्हती. "आपोआप गोल होतं" असं जो तो सांगत असतो, त्याचं काय करायचं?

उशिराचं म्हणाल तर तो बागुलबुवा नाही. मुलाच्या डोक्याचा घेर जन्मतः सरासरी साडेचौतीस सेंटीमीटर, सहाव्या महिन्यात 43 च्या आसपास, वर्षाला 46. पहिल्या सहा महिन्यांत नऊ सेंटीमीटर आणि पुढच्या सहांत तीन. हेल्मेट डोकं दाबत नाही. फुगलेल्या बाजूला टेकून राहतं, चपट्या बाजूला पोकळी ठेवतं आणि वाढ तिकडे वळते. वाढच संपली तर वळवणार काय?

मृण्मयी_न्यूजर्सी

'पूर्ण नीट'ची व्याख्या तिथे फार कडक होती, शंतनू. सुधारणा दोन्ही गटांत झाली, आणि जवळजवळ सारखीच झाली. दोन्हीकडचे आईबापही मुलांच्या डोक्यावर सारखेच खूश होते. न्यूझीलंडमध्ये 200 बाळांवर दोन वर्षं लक्ष ठेवलं होतं: चौथ्या महिन्यात जवळपास 20 टक्के डोकी चपटी, दोन वर्षांनी 3 टक्क्यांच्या थोडी वर. आपोआप गोल होतं ते असं.

आणि दुष्परिणामांचं का नाही लिहिलंत? त्या हेल्मेटच्या गटातल्या एकूण एक पालकांनी काही ना काही त्रास सांगितला होता. त्वचा लाल होणं, घाम, घाण वास, आणि बाळाला नीट कुशीत घेता न येणं.

कमल_आजी

"आमच्या वेळी"वर बंदी घातलीस, म्हणजे आम्ही धाग्यावर यायचंच नाही की काय? माझी चार नातवंडं माझ्या हाताखालून गेली. मोहरीची उशी, नाहीतर जुन्या सुती लुगड्याची चुंबळ करून डोक्याखाली ठेवायची, रोज टाळूवर तेल घालायचं, आणि न्हाऊ घालताना मालीशवाली हलक्या हाताने डोक्याला आकार द्यायची. एकाचंही डोकं वेडंवाकडं नाही. अडीच हजार डॉलरमध्ये मोहरीची पोती येतील गं.

फिजिओ_औंध

आजी, रागावू नका, पण उशी आणि चुंबळ दोन्ही नको. झोपलेल्या लहान बाळाच्या अंथरुणात काहीही मऊ असू नये, श्वास कोंडण्याचा धोका असतो. डोकं गोल करायच्या उशा वापरूच नका असं अमेरिकेच्या एफडीएने (औषधं आणि वैद्यकीय उपकरणांवर देखरेख ठेवणारी सरकारी संस्था) 2022 मध्ये स्पष्ट सांगितलं आहे, आणि आपल्याकडे त्या ऑनलाइन सर्रास विकल्या जातात. डोकं दाबून आकार येतो हाही गैरसमज.

पण तुमच्या न्हाऊ घालण्यातली एक गोष्ट मी आयांना मुद्दाम सांगते. मालीशवाली पाय पसरून बसते आणि बाळाला पायांवर पालथं घालून पाठ चोळते, तेव्हा ते बाळ मान उचलायला धडपडतं. हाच तो टमी टाइम, ज्याची पत्रकं दवाखान्यात वाटतात. जागेपणी, कुणी समोर असताना, दिवसातून बऱ्याचदा, थोडा थोडा वेळ.

मृण्मयी, तुम्ही हेल्मेटबद्दल एवढं लिहिलंत, मानेबद्दल एक ओळ नाही. बाळ डावीकडे तितक्याच सहज वळून बघतं का? पाठीवर झोपलेलं असताना खुळखुळा उजवीकडून डावीकडे हळूहळू न्या. हनुवटी डाव्या खांद्यापर्यंत येते की मध्येच थांबून पोर सगळं अंगच वळवतं? एका बाजूचा स्नायू आखडलेला असेल तर बाळ सतत एकाच बाजूवर डोकं टेकणार आणि तीच बाजू चपटी होणार. मान मोकळी न करता हेल्मेट घातलं तर मूळ कारण तिथेच राहतं.

जुळ्यांची_आई

इथे हेल्मेट प्रत्यक्ष घातलेलं मीच एकटी दिसतेय. माझी जुळी, वेळेआधी झालेली, बरेच दिवस एनआयसीयूत (नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागात) पाठीवर. थोरलीचं डोकं इतकं चपटं की कपाळ एका बाजूने पुढे आलं होतं. फिजिओ केली, पालथं घालून झालं, पाळण्यात डोक्याची दिशा बदलून झाली. सुधारलं, पण कपाळ तसंच राहिलं. मग हेल्मेट.

तेवीस तास डोक्यावर, एक तास अंघोळीला. पहिल्या आठवड्यात हेल्मेट काढलं की जो वास यायचा, तो घामट बुटाचा म्हणा ना. आतला फोम रोज स्पिरिटने पुसायचा आणि पंख्याखाली वाळवायचा. काढल्यावर कानामागे लाल वळ दिसायचा. तासाभरात गेला तर ठीक, नाहीतर फोन करून फोम घासून घ्यायला पळायचं. लिफ्टमध्ये लोक विचारायचे, "पडली का हो?"

गुण आला? आला. कपाळ सरळ झालं. धाकटीचं कमी होतं, तिला काही केलं नाही, तिचंही छान झालं. म्हणून मला दोन्ही बाजूंच्या ठाम लोकांचा वैताग येतो. ज्यांनी तीव्र चपटेपणा डोळ्यांनी पाहिला नाही त्यांनी "केसांत झाकलं जाईल" हे सांगू नये.

खडूस_काका

केसांत झाकलं जाईलच. जावळ काढलं की दिसेल, मुंजीत गोटा केला की दिसेल, आणि पन्नाशीत माझ्यासारखं टक्कल पडलं की कायमचं दिसेल. मधली चाळीस वर्षं मजेत जातात. हलके घ्या.

अवांतर: ब्रिटनची सरकारी आरोग्यसेवा सहसा ही हेल्मेटं देत नाही. फुकट असतं तेव्हा गरज नसते आणि विकत असतं तेव्हा "हीच वेळ" असते, हा योगायोग मला फार आवडतो.

शंतनू_पी

काका, विमा आणि सरकार देत नाही यावरून उपयोग नाही असं ठरत नसतं. दाताच्या तारा तरी कुठे सगळीकडे फुकट मिळतात? आकार दिसण्यापुरताच प्रश्न आहे असं मानलं तरी, मूल मोठं झाल्यावर चष्मा एका कानावर वर बसणार हे आजच टाळता येत असेल तर का टाळू नये?

बालरोग_सांगली

एक मुद्दा या वादात बुडालाय. हेल्मेट घालायचं की नाही याआधी कवटीच्या शिवणी (हाडांमधले सांधे) उघड्या आहेत ना, हे कुणीतरी हाताने तपासलंय का? नुसत्या झोपण्याने चपटं झालेलं डोकं वरून समांतरभुज चौकोनासारखं दिसतं आणि त्या बाजूचा कान पुढे सरकतो. मृण्मयींच्या वर्णनात तसंच आहे, म्हणून फार काळजी वाटत नाही. पण मागची शिवण मुदतीआधी जुळली असेल तर कान बहुधा मागे-खाली ओढला जातो. ते दुर्मीळ आहे, पण त्याचा इलाज शस्त्रक्रिया. तिथे नुसत्या हेल्मेटवर महिने काढले तर खरोखरच वेळ हातची जाते.

बाकी अमेरिकेतल्या न्यूरोसर्जन मंडळींची 2016 ची मार्गदर्शिका आधी स्थिती बदलणं आणि फिजिओ सांगते. एवढं करूनही मध्यम ते तीव्र चपटेपणा उरला, किंवा बाळ उशिराच दाखवायला आणलं, तर हेल्मेट. चपट्या डोक्याच्या मुलांत विकास थोडा मागे असल्याचं काही अभ्यासांत दिसतं, पण तिथेही उलटा विचार करा. जे बाळ कमी हालचाल करतं त्याचं डोकं चपटं होतं. हेल्मेटने मेंदूचा विकास सुधारतो असं कुणी सांगितलं तर त्याच्याकडून काही विकत घेऊ नका.

मृण्मयी_न्यूजर्सी

शिवणी डॉक्टरांनी हाताने तपासल्या होत्या, उघड्या आहेत. खुळखुळा आत्ता फिरवून पाहिला. डावीकडे अर्ध्यावर मान थांबते आणि स्वारी कुशीवर होते. तपासणीच्या कागदावर मानेचं नावही नाही. कोटेशनवर किंमत तीन ठिकाणी आहे, माप एकाही ठिकाणी नाही. फोन करून मागितलं तेव्हा डोक्याच्या दोन तिरप्या मापांतला फरक अकरा मिलिमीटर, 'मध्यम' असं सांगितलं.

शंतनू_पी

मध्यम आणि पाच महिने. मी असतो तर घातलं असतं. मान काय, हेल्मेट घालूनही मोकळी करता येते.

फिजिओ_औंध

येते, पण आधी मान. सहा आठवडे ताणाचे व्यायाम शिकून घ्या. यूट्यूबवर बघून करू नका, तिथल्या फिजिओकडून शिका. पाळण्यात उशापायथा बदला म्हणजे दाराकडे बघायला त्याला डावीकडेच वळावं लागेल. कार सीट आणि झुल्यातला वेळ प्रवासापुरता ठेवा, मग पुन्हा माप घ्या आणि यावेळी कागदावर लिहून मागा.

शंतनू_पी

सहा आठवडे म्हणजे साडेसहा महिने. वाढीचे नऊ सेंटीमीटर तोवर संपले.

फिजिओ_औंध

पुढचे तीन बाकी आहेत, तुम्हीच वर लिहिलेत. त्या चाचणीतली बाळंही पाच-सहा महिन्यांचीच होती.

कमल_आजी

चुंबळ काढून टाकते बाई. पण पालथं घालून पाठ चोळायला मी न्यूजर्सीला येऊ का? तिकीट अडीच हजारापेक्षा स्वस्त पडेल.