'जुजिरो' (१९२८): ही प्रेमकथा कुठून झाली?

धागाकर्ता: तेइनोसुके किनुगासाचा हा मूकपट काल बघितला. जुन्या एदो (आजचं टोकियो) शहरातली योशिवारा ही वेश्यावस्ती, तिथल्या ओ-उमे या बाईच्या मागे एक तरुण पागल झालाय, प्रतिस्पर्ध्याशी मारामारी होते, याच्या डोळ्यात राख जाते, दिसेनासं होतं आणि आपल्या हातून खून झाला असं धरून चालत हा गडी बहिणीकडे येऊन पडतो. लोक याला प्रेमाची शोकांतिका म्हणतात, मला तर यात प्रेम कुठे दिसलंच नाही. ओ-उमे याची खिल्ली उडवते आणि हा तरी तिच्याच नावाने कण्हतोय. खरी किंमत बहीण मोजते, तिचं ऐकतंय कोण!

रात्रपाळी: असहमत. अहो एकतर्फी वेड आतून कसं असतं तेच तर दाखवलंय, कंदील, चक्रं, हसणारे चेहरे सगळं गरगरतं ते त्याच्या डोक्यात. किनुगासानेच १९२६ साली वेड्यांच्या इस्पितळावर अख्खा सिनेमा काढला होता, तोही संवादांच्या पाट्यांशिवाय. नायक शहाणा असावा ही अपेक्षाच कशाला?

धागाकर्ता: शहाणा नको हो, पण कॅमेऱ्याने त्याचे इतके लाड का करावेत? खोटा पोलीस बनून आलेला तो माणूस बहिणीला कोपऱ्यात गाठतो, मदतीच्या बदल्यात काय हवंय ते उघड आहे, शेवटी ती त्याला भोसकते. खरा खून तिच्या हातून होतो! भावाचा प्रतिस्पर्धी तर ठणठणीत जिवंत, आणि जरा दिसायला लागलं की हे महाशय परत ओ-उमेच्या दारात.

मधलीबाजू: हे आठवतंय म्हणजे कॅमेऱ्याने तिलाही दाखवलंय की 😀 किनुगासा आधी स्त्रीभूमिका करणारा नट होता, मला वाटतं बहिणीच्या सीनमधली नजर तिथून आली असावी. त्याचाच १९५३ चा 'जिगोकुमोन' घ्या, तिथेही परक्याच्या बायकोसाठी हट्टाला पेटलेला सामुराई, आणि मरते ती ही बायको केसाच, नवऱ्याच्या जागी झोपून.

रात्रपाळी: तिथे तो सामुराई मोरितो निदान केस कापून संन्यास घेतो, त्याला कळतं तरी. इथल्याला शेवटपर्यंत काही कळत नाही आणि म्हणूनच मला 'जुजिरो' जास्त खरा वाटतो.

धागाकर्ता: खरा आहेच, पण मग पुढच्या वेळी प्रेमकथा म्हणून रेकमेंड करू नका, मी बायकोला सोबत घेऊन बसलो होतो.