ताम्हाणेंचा कॅमेरा इतका लांब का उभा असतो?

रात्रपाळी:
लोकशाहिरावरच्या खटल्याचा 'कोर्ट' हा सिनेमा तिसऱ्यांदा पाहिला, लगोलग शास्त्रीय गाणं शिकणाऱ्या शिष्याचा 'द डिसायपल'ही लावला. दोन्हींचे दिग्दर्शक चैतन्य ताम्हाणे हुशार आहेत यात वाद नाही. २०१४ला व्हेनिस चित्रपट महोत्सवाच्या ओरिझोंती विभागात पहिला नंबर, मग सुवर्णकमळ, २०२०ला तिथल्याच मुख्य स्पर्धेत पटकथेचं पारितोषिक. पण हा कॅमेरा माणसांजवळ जातच नाही. कोपऱ्यात रोवायचा आणि बरणीतल्या मुंग्या बघाव्यात तसं बघत बसायचं. 'कोर्ट'मध्ये खपलं, न्यायालय असतंच तसं. पण 'डिसायपल'मध्ये गाणं आहे हो! त्यातल्या शिष्याची, शरद नेरुळकरची तगमग माझ्यापर्यंत पोचलीच नाही.

मधली सुट्टी:
मुंग्या? 'कोर्ट'मध्ये ज्याच्या मृत्यूवरून खटला चालतो त्या गटार साफ करणाऱ्या वासुदेव पवारच्या बायकोची साक्ष आठवा. नवरा गटारात उतरण्याआधी खडा टाकायचा. झुरळ बाहेर आलं तर उतरायला हरकत नाही. हे ती भाजीचा भाव सांगावा तसं सांगते. तिथे क्लोजअप घेऊन मागे सारंगी लावली असती तर आपण डोळे पुसून मोकळे झालो असतो. पुढे गाडीत वकील पैसे देऊ करतो, ते ती घेत नाही, काम असेल तर सांगा म्हणते. लांबून दाखवलंय म्हणूनच तिची कीव येत नाही.

आंबोळी:
त्या बाईपुरतं पटलं. पण मध्यमवर्ग आला की याच अंतराची टिंगल होते. न्यायाधीश सहलीला जातात काय, न बोलणाऱ्या मुलासाठी अंगठीतला खडा सुचवतात काय! परदेशी प्रेक्षकांना हसायला बरं.

मधली सुट्टी:
आणि सरकारी वकील नूतन? कोर्टातून सुटल्यावर मुलाला आणते, घरी येऊन स्वयंपाक करते. गीतांजली कुलकर्णींनी यात एकही जागा हसण्यासाठी ठेवलेली नाही. तीच बाई सकाळी लोकशाहिराला आत ठेवा म्हणते, भीती तिची वाटते. खड्याचं म्हणाल तर आमच्या सोसायटीत निम्म्या बोटांत आहेत.

खर्जातला:
बरीच वर्षं गाणं शिकतोय (प्रगती विचारू नये). शरद झालेले आदित्य मोडक आणि गुरुजी झालेले अरुण द्रविड दोघेही मुळात गायक. बैठकीत श्रोता बसतो तेवढ्याच अंतरावर कॅमेरा आहे. त्याहून जवळ गेलात तर गवयाचे दात दिसतात, सूर नाही. रात्री रिकाम्या रस्त्यावर शरदची संथ चाललेली बाइक आणि कानात गुरुजींच्या गुरू माईंचा ध्वनिमुद्रित आवाज (तो सुमित्रा भावेंचा), ही जवळीक नाही तर काय? माझी तक्रार वेगळीच आहे. शरदचं गाणं कुठे कमी पडतं हे ज्याला कान आहे त्यालाच कळतं, बाकीच्यांना गुरुजींच्या तोंडावर विसंबावं लागतं.

रात्रपाळी:
मग मी त्या बाकीच्यांतलाच! 'कोर्ट' बघायला वकिली शिकावी लागली नव्हती.

खर्जातला:
बरं, 'डिसायपल'च्या शेवटी ट्रेनमध्ये तो गात पैसे मागणारा माणूस येतो, तेव्हाही काही झालं नाही?

रात्रपाळी:
झालं. पण ते त्या गाणाऱ्यामुळे. कॅमेऱ्याला श्रेय देणार नाही.